काळ्या बैलाची खांदमळणी

त्या वर्षीच्या उन्हाळ्यात आमच्या घरी ऑक्सिजनचा सिलेंडर राहायला आला. अंगाने काळाकुट्ट, खांद्यापाशी पांढरा, उंची माझ्या छातीला लागेल एवढी. सायकलरिक्षातून उतरवताना दोन माणसांचा घाम निघाला आणि मी बाजूला उभं राहून ‘हळू, हळू’ म्हणण्याचं अवघड काम केलं. घरात जड वस्तू आली की माझ्याकडे नेहमी हेच काम असतं.

सिलेंडर बाबांसाठी होता. सावनेरकडच्या एका कोळसा खाणीच्या वर्कशॉपात ते आयुष्यभर गॅस वेल्डर होते. रिटायर झाल्यावर आईला घेऊन नागपुरात माझ्याकडे आले. खाणीची धूळ, वेल्डिंगचा धूर आणि बिड्या या तिघांनी मिळून त्यांच्या फुप्फुसांचं काय करून ठेवलं होतं, ते डॉक्टरांनी एक्स-रे खिडकीशी धरून मला दाखवलं. मला काहीच कळलं नाही, पण गंभीर चेहरा करून मी ‘अच्छा’ म्हणालो. डॉक्टरांचं म्हणणं, दिवसाचा बहुतेक वेळ नाकाला ऑक्सिजन हवा, पण मिनिटाला दोनच लिटर. मी विचारलं, थोडा जास्त दिला तर लवकर बरं नाही का वाटणार? ते म्हणाले, अशा छातीला जास्त ऑक्सिजन मिळाला की मेंदू श्वास घ्यायचा आळस करतो.

हे मी घरी येऊन बाबांना सांगितलं. ते म्हणाले, “म्हंजे तुह्यासारखं. जास्त भेटलं का काम बंद.”

सिलेंडर जोडून द्यायला एजन्सीचा माणूस आला होता. बाबांनी त्याला खाटेवरूनच थांबवलं. “तू बस गा. चहा घे.” आणि धापा टाकत, मध्ये मध्ये थांबत त्यांनी स्वतःच मीटर चढवलं, चावी फिरवली, पाण्याची बाटली लावली. वाटीत साबणाचा फेस करून तो प्रत्येक जोडाला लावला आणि बुडबुडा फुगतो का ते पाहिलं. चार महिन्यांत मी त्यांना इतकं खुश पाहिलं नव्हतं. दवाखान्याची वस्तू घरात आली असं त्यांना वाटलंच नाही. वर्कशॉपातला जुना जोडीदार बदली होऊन आल्यासारखे ते त्याच्या पाठीवर थाप मारत होते.

“चाळीस वर्सं याच्यातूनच लोखंड कापलं,” ते आईला म्हणाले, “आता हा मले जोडून राहिला.”

त्यांनी घराला एकच नियम घालून दिला. सिलेंडरच्या तोंडाला, मीटरला, चावीला तेलाचा हात लागता कामा नये. दाबाखालचा ऑक्सिजन आणि तेल समोरासमोर आले की काडी ओढावी लागत नाही, आग आपली आपण लागते. वर्कशॉपात एकाच्या तेलकट हातामुळे भुवया गेलेल्या त्यांनी पाहिल्या होत्या. हा नियम लेखी हवा म्हणून मी पुढे झालो. बारा वर्षं सरकारी ऑफिसात सूचना लिहिणारा माणूस घरात असताना दुसरं कोण लिहिणार? पांढऱ्या पुठ्ठ्यावर टपोऱ्या अक्षरांत मी लिहिलं, ‘यास तेल लावू नये. हुकुमावरून.’ बाबांनी विचारलं, “हुकूम कोनाचा?” मी म्हणालो, तसं लिहायची पद्धत असते.

पुठ्ठा सिलेंडरच्या पोटावर चिकटवला. हा पुठ्ठा लक्षात ठेवा.

तर नाकाला रबरी नळी, गालावर चिकटपट्टी, बाटलीत पाण्याचा बुडबुड आवाज आणि मीटरच्या काचेत दोनच्या रेघेवर तरंगणारी गोळी, अशात बाबांचा पावसाळा चालला होता. नळी काढली तर संडासला जाऊन येण्यापुरता दम टिकायचा, तोही वाटेत भिंत धरून. उन्हाळ्यापासून त्यांनी गल्ली पाहिली नव्हती. त्याबद्दल ते कुरकुर करत नसत. पण श्रावण लागला आणि ते मनात काहीतरी जुळवू लागले. ओठ हलायचे, बोटं मोजायची, मध्येच थांबून दम घ्यायचा, परत पहिल्यापासून. आईला वाटलं जप करतात. ती खुश होती.

जप नव्हता, झडती होती. आमच्याकडे पोळ्याला तोरणाखाली बैल उभे राहिले की एकेक जण पुढे येऊन यमकं जुळवलेल्या ओळी म्हणतो, कोणाची तारीफ, कोणाची खेच, आणि शेवटी सगळे ‘हर हर महादेव’ ओरडतात. ती झडती. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पोरांचा तान्हा पोळा, लाकडी बैलांचा. आमच्या गल्लीत खरा बैल कोणाकडेच नसल्याने मोठ्यांची सगळी हौस तान्ह्या पोळ्यातच निघायची. शेवटची झडती बाबांची, हा तिथला रिवाज झाला होता. ती झाली की तोरण तुटायचं.

डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, नाकाची नळी निघणार नसेल तर खुशाल जा.

“निघत नाही,” बाबा म्हणाले आणि माझ्या मुलीला बोलावलं. ती तेव्हा सात वर्षांची. “तुहा बैल आन वं.”

हा बैल बाबांनीच तिच्यासाठी केलेला. सागाचा, माझ्या कमरेला लागणारा, खाली बेअरिंगची चाकं. गल्लीतून निघाला की मालगाडी आल्याचा भास व्हायचा. घरात एक लहान सिलेंडरही होता, दवाखान्यात न्यायची वेळ आली तर वाटेत लागेल म्हणून ठेवलेला. पोळ्याच्या संध्याकाळी बाबांच्या देखरेखीखाली मी तो बैलाच्या पाठीवर आडवा ठेवला आणि माझ्या कमरेच्या दोन पट्ट्यांनी आवळला. म्हणजे ऑफिसला घालायची पँट पुढचे दोन दिवस हाताने धरून ठेवावी लागणार होती. सिलेंडरला मीटर जोडलं, नळी बैलाच्या शेपटीवरून मागे घेतली. बाबांनी ती नाकाला लावली. पोरीने बैल ओढला. बैल पुढे, बाबा मागे, अशी खाटेपासून स्वयंपाकघरापर्यंत फेरी झाली. त्यांचा दम टिकला.

“आजपर्यंत मानसं बैलाले वेसण घालत,” ते म्हणाले, “यंदा बैलानं मले घातली.”

माझी बायको हसून हसून दाराला टेकली. मग रात्रीपुरती मोठ्या सिलेंडरची नळी परत लावली, आणि बैलावर झूल पांघरून त्याला पडवीत ठेवला.

आता आईकडे येतो. आई कुहीकडच्या शेतकऱ्याची लेक. बैलाचे लाड तिच्या रक्तातले. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बैलाचा खांदा तूप-हळदीने मळायचा, वर्षभर जू ओढून सुजलेला असतो म्हणून. ही खांदमळणी तिने शेती सुटून जन्म गेला तरी सोडली नव्हती. फक्त आमचा बैल लाकडाचा आणि पोळा दुसऱ्या दिवशीचा, म्हणून तिने मुहूर्तही पुढे ढकलून तान्ह्या पोळ्याच्या सकाळी आणला होता. त्या सकाळी मी पडवीत पेपर वाचत होतो. तिने तुपाची वाटी माझ्या हातात दिली आणि म्हणाली, “धर जराशी.” मी धरली. पेपर दुसऱ्या हातात होता. अर्धं पान वाचून होईपर्यंत ती पळसाच्या पानाने काहीतरी चोळत होती आणि बैलाला जेवायचं आवतण देत होती. मी वाटी तिरपी होऊ दिली नाही, एवढीच त्या सकाळची माझी कर्तबगारी.

दुपारी तीनच्या सुमारास बाबा तयार झाले. धुतलेलं धोतर, कोट, टोपी. मुलगी परकर खोचून तयार. मी झूल उचलली.

लहान सिलेंडर पिवळाजर्द होता. खांदा, मान, चावी, मीटरचा जोड, सगळीकडे तूप-हळदीचा तुकतुकीत लेप. वर तोंडाशी कुंकवाचं बोट.

बाबांचा हात चावीपर्यंत गेला होता तो तिथेच थांबला. त्यांनी आवाज चढवला नाही. तेवढा दमही नव्हता. बोटाच्या टोकाने लेप टिपला, नाकाशी नेला, म्हणाले, “म्हशीचं हाय. चांगलं हाय.” मग माझ्याकडे पाहून, “हा आता उघडायचा नाई. बाजूले ठेव. सावलीत.”

आई स्वयंपाकघराच्या दारात आली होती. बाबांनी विचारलं, “काहून मळलं वं त्याले?”

“खांदा मळायचा दिवस आहे,” आई म्हणाली. “लाकडाच्या बैलानं काय ओढलं वर्सभर? तुमचा भार कोन ओढून राहिला? हाच ना? मंग खांदा कोनाचा मळू?”

“पण आई,” मी म्हणालो, “तिकडे एवढी पाटी लावली आहे, तेल लावू नये म्हणून.”

“वाचली ना. तेल लिवलं होतं. म्या तूप लावलं.”

बारा वर्षांच्या नोकरीत माझ्या सूचनेतली एवढी मोठी पळवाट साहेबालाही सापडली नव्हती. बाबांनी माझ्याकडे असं पाहिलं, की पट्टा नसलेली पँट मी दोन्ही हातांनी धरली.

एजन्सीला सुटी. दुसरा लहान सिलेंडर मिळणं शक्य नव्हतं. मोठा उचलून गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत नेणं म्हणजे मधली गटार आणि चढ. बाबा खाटेवर बसले, टोपी काढून मांडीवर ठेवली. “जाऊ द्या. पोरीले म्हना, बैल घेऊन जाय. मी खिडकीतून आयकतो.” ओठ मात्र हलत होते, जुळवलेलं आतल्या आत म्हणून टाकत होते बहुधा. आई सकाळच्या हळदीने अजून पिवळे असलेले हात पुढे धरून उभी होती. ते कुठे ठेवावेत ते तिला कळत नव्हतं.

आणि याच वेळी शेजारचे कंपाउंडरकाका बाबांना न्यायला आले. सगळं ऐकून त्यांनी विचारलं, “भाऊ, सिलेंडर येत नाई तं नळी काहून येत नाई?”

“नळी दोन हात आहे,” मी म्हणालो.

“लांब करू. नळ्यांचा काय दुष्काळ पडला का नागपुरात?”

पुढचा तासभर आमच्या घराची जी कळा झाली ती मी आजही डोळे मिटून पाहतो आणि एकटाच हसतो. काकांनी घरातून रबरी नळीचं वेटोळं आणलं. ते पुरेना म्हणून गल्लीत हाक गेली, आणि ज्याच्या घरी जी पोकळ वस्तू होती ती घेऊन तो आला. सलाईनच्या, कूलरच्या, शेगडीच्या नळ्या. एका बाईने तर हार्मोनियमचा भाता आणला. तो कशासाठी ते तिलाही सांगता येईना, पण हवेचं काम आहे म्हणून आणला. बाबा खाटेवर टोपी घालून परत बसले आणि प्रत्येक नळी नाकाशी धरून पास-नापास करू लागले. इथे दाब नाही, ही नुसती फुंकर आहे, त्यामुळे आगीची भीती सिलेंडरच्या तोंडाशी. पण नाकात जायची वस्तू साफ पाहिजे, असं त्यांचं शास्त्र.

“स्टोव्हची आहे. फेक.”

“ही कूलरची. हिच्यात शेवाळ आहे. हिच्यात मासोळ्या पाळ.”

“ही कायची हो कंपाउंडर?”

काका जरा घुटमळले. “एनिमाची. पन कोरी आहे भाऊ, पाकिटातली.”

“पक्की?”

“देवाशपत.”

“घे मंग. पन लोकायले सांगू नको.”

लोक दारातच उभे होते.

नळ्या जमल्या पण एकीत दुसरी बसेना. जोडायला काय? इथे माझा क्षण आला. ऑफिसातून (जाऊ द्या, कुठून का असेना) घरी आलेली बॉलपेनं माझ्याकडे खूप होती. रिफिल काढून, दोन्ही टोकं कापून, गरम पाण्यात धुऊन मी नळकांडी तयार केली. ती दोन नळ्यांच्या मध्ये घट्ट बसली. वरून चिकटपट्टी. वैद्यकशास्त्रात माझी भर एवढीच, पण ती आहे. प्रत्येक जोडाला साबणाचा फेस लावला गेला, पोरांनी फुगे मोजले, दोन पेनं नापास झाली. शेवटी नळीचं टोक अंगणात नेऊन पाण्याच्या पेल्यात बुडवलं. सगळे वाकून पाहू लागले. काहीच नाही. मग एक बुडबुडा आला. मग रांगच लागली. कंपाउंडरकाका पेल्याला हात जोडून उभे राहिले.

मोठ्या सिलेंडरपाशी कोणीतरी हवं होतं, गोळी दोनवर राहते का ते पाहायला. मी पुढे झालो. बाबा म्हणाले, “तू नाई.” आणि आईला हाक मारली. ती आली, अवघडलेली.

“हात दाखव.”

तिने दाखवले. सोड्याने तीनदा धुतलेले, तरी नखांत हळद होती. बाबांनी ते नाकाशी धरले, जसे नळीला धरत होते तसेच, जरा जास्तच वेळ.

“पास,” ते म्हणाले. “बस तिथं. गोळी दोनावर. कशाले हात लावू नको, खाली-वर झाली का मले हाक मार.”

आई खिडकीपाशी स्टुलावर बसली, परीक्षेला बसावं तशी.

तर नळी खिडकीतून निघाली, अंगण ओलांडून फाटकाबाहेर चार पावलं गेली आणि तिथे संपली. तिथे आम्ही बाबांची खुर्ची ठेवली. बैल शेजारी, मुलगी कासरा धरून. पण तोरण होतं पार कोपऱ्यावर, पन्नासेक पावलांवर, दोन बांबूंना आंब्याच्या पानांचं. तिथे सगळे लाकडी बैल ओळीने उभे होते. मधलं अंतर पाहून माझा चेहरा पडला. काका म्हणाले, “तोरण इकडं आनू.”

कोपऱ्यावरचे म्हातारे ऐकेनात. बांधलेलं तोरण सुटत नाही, झडत्या झाल्यावर तुटतं. आधी गाठ सोडली तर अपशकुन. खूप वेळ वाद चालला. शेवटी ज्या म्हाताऱ्याचा विरोध सगळ्यात मोठा होता तोच म्हणाला, “गाठ सोडाची नाई म्हंजे नाई. बांबू उपटा.”

आणि बांबू उपटले गेले. एकेका बांबूला तिघे तिघे, मध्ये ताणलेलं तोरण, खालून सगळे बैल, अशी ती कमान गल्लीतून आमच्या घराकडे चालू लागली. तोरण सैल पडायला नको म्हणून डावीकडचे ‘ताण, ताण’ म्हणत होते आणि उजवीकडचे ‘ओढू नको बे’. एक बैल गटारीत गेला, तो काढला. विजेच्या तारेपाशी बांबू तिरपे करून, वाकून, नमस्कार केल्यासारखी ती कमान पुढे आली. मी ‘हळू, हळू’ म्हणत होतो.

आरतीच्या दिव्याला बाबांनी हुकूम सोडला, दिवा नळीपासून दूर. तेव्हा बायकांनी रस्त्याच्या पलीकडून ओवाळलं, स्टेशनावरून गाडीला हात करावा तसं. बिडीवाले आपण होऊन कोपऱ्यावर गेले.

झडत्या सुरू झाल्या. शेवटी सगळे बाबांकडे वळले. ते खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले, एक हात बैलाच्या शिंगावर. दोन ओळींना एक दम, असा हिशेब त्यांनी महिनाभर बसवला होता.

“काळा बैल आला घरी, त्याले शिंग ना शेपूट,
पोटामधी हवा त्याच्या, बाकी सारं झूट.”

दम.

“वेसण माह्या नाकामधी, बैल मोकळा फिरे,
डाक्टरची गोळी बाप्पा दोनावरच थिरे.”

हशा. दम, जरा लांबला. इथवरचं मी खिडकीआडून ऐकलेलं होतं. पुढच्या ओळी माझ्याबद्दल होत्या, त्याही मला माहीत होत्या आणि मी तयारीत उभा होतो. पण बाबांनी माझ्याकडे पाहिलंच नाही. ते खिडकीकडे पाहत होते.

“लोखंडाचाही खांदा माह्या घरधनीनीनं मळला…”

आणि थांबले. ओठ उघडे, खांदे वरखाली. ओळ सुचली नव्हती की दम पुरला नव्हता, कळेना. मी हात पुढे केला, काकांनी तो दाबून धरला. बांबूवाले सहाही जण तोरण ताणून उभे होते, कोणी पाय हलवत नव्हतं. आतून आईचा आवाज आला, अगदी बारीक, पण सगळ्यांना ऐकू गेला.

“गोळी दोनावर आहे हो. सावकाश घ्या.”

बाबांनी सावकाश घेतला. एक. दोन.

“…म्हनून साऱ्या गल्लीचा पोळा माह्या दारी वळला.”

‘हर हर महादेव’ झाला तो इतक्या जोरात, की बांबूवालेही हात वर करून ओरडले, त्यांनी बांबू सोडले, आणि तोरण तोडायची गरजच उरली नाही. ते सगळ्या बैलांवर आणि बाबांच्या टोपीवर आपोआप पडलं. बेअरिंगची चाकं गरगरत पोरं सुटली. आमचा बैल पोरीने पहिला काढला. मी टाळ्या वाजवायला दोन्ही हात सोडले आणि पँटचं काय झालं ते मी इथे लिहीत नाही. ज्यांनी पाहिलं त्यांच्यापैकी बरेच जण अजून नागपुरात आहेत.

बाबांना आत आणून खाटेवर टेकवलं. कपाळाला आंब्याचं पान चिकटलं होतं. आई अजून स्टुलावरच होती, नजर मीटरवर.

“उठ आता,” बाबा म्हणाले. “झाला पोळा.”

“सांगितलं नाई ना कोनी,” आई म्हणाली, आणि उठली.

तेवढ्यात मी नवीन पुठ्ठा घेऊन बसलो होतो. ‘यास तेल, तूप, लोणी, डालडा, साय अथवा तत्सम कोणताही स्निग्ध पदार्थ’ इथपर्यंत आलो होतो. बाबांनी पुठ्ठा मागून घेतला, वाचला, बाजूला ठेवला.

“अवं,” ते आईला म्हणाले, “पुढच्या वर्सी नुसती हळद लाव. पान्यात कालवून. अन् तोंडापासून हातभर दूर.”

पुढच्या वर्षी तिने तशीच लावली.